परक्या फौजेसाठी काम केलं, आता आसरा कुठे? अफगाण सहकाऱ्यांच्या व्हिसा-संरक्षणाची सविस्तर माहिती

अमेरिका, ब्रिटन, जर्मनी, कॅनडा अशा देशांच्या फौजा सुमारे वीस वर्षं अफगाणिस्तानात होत्या. या फौजांना स्थानिक माणसं लागायची. दुभाषे, ड्रायव्हर, पहारेकरी, स्वयंपाकी, कारकून, इंजिनियर अशी कितीतरी कामं अफगाण माणसांनी केली. फौजा निघून गेल्या आणि ही माणसं तालिबानच्या राज्यात मागे राहिली. त्यांना आपल्या देशात आणायचं, तिथे राहू द्यायचं, यासाठी वेगवेगळ्या देशांनी कायदे आणि योजना केल्या. त्यातल्या काही चालल्या, काही अडल्या, काही बंद पडल्या.

या विषयावरच्या बातम्यांत ‘एसआयव्ही’, ‘पॅरोल’, ‘टीपीएस’, ‘एआरएपी’ असे शब्द सारखे येतात आणि वाचणाऱ्याचा गोंधळ उडतो. कुणाला काय मिळालं, कुणाला काय मिळालं नाही आणि का, याची ही एकत्र माहिती. स्थिती २०२५ च्या अखेरपर्यंतची आहे.

मुळात प्रश्न काय आहे?

ऑक्टोबर २००१ मध्ये अमेरिकेने अफगाणिस्तानात कारवाई सुरू केली. पुढे नाटोच्या नेतृत्वाखाली अनेक देशांच्या फौजा तिथे आल्या. या सैनिकांना ना दरी येत होती ना पश्तू. गावात शिरलं की बोलायचं कुणाशी, रस्त्यात सुरुंग आहे का हे विचारायचं कसं, पकडलेला माणूस शेतकरी की बंदूकवाला हे ओळखायचं कसं, हे सगळं दुभाष्यावर अवलंबून होतं.

दुभाषी हा शब्द आपल्याकडे जुना आहे. दोन भाषा बोलणारा तो दुभाषी. मद्रासकडे कंपनीच्या काळात यालाच ‘दुबाश’ म्हणत. दोन बाजूंच्या मध्ये उभ्या राहिलेल्या या माणसाकडे दोन्हीकडचे लोक संशयाने बघतात, हेही तितकंच जुनं. अफगाणिस्तानात त्या संशयाचा अर्थ जिवावर बेतणं असा होता. तालिबानच्या नजरेत परक्या फौजेचा दुभाषी म्हणजे गद्दार. अनेकांना रात्री धमकीची पत्रं यायची. काहींचे भाऊ, वडील मारले गेले. मे २०२१ मध्ये खोस्त प्रांतात अमेरिकी फौजेच्या एका माजी दुभाष्याला गाडीतून ओढून ठार मारण्यात आलं. तेव्हा काबूल अजून पडलंही नव्हतं.

इथे एक फरक लक्षात घेतला पाहिजे. आंतरराष्ट्रीय कायद्यातला ‘निर्वासित’ म्हणजे धर्म, वंश, राजकीय मत, अशा कारणांनी छळाची भीती असलेला माणूस. त्याला आसरा देणं हा माणुसकीचा आणि कराराचा भाग. फौजेच्या दुभाष्याचं प्रकरण त्याहून वेगळं आहे. त्याच्यावर धोका आला तो त्या देशाचं काम केल्यामुळे. म्हणून त्याचा दावा दयेचा नसतो, केलेल्या कामाच्या हक्काचा असतो. विशेष योजना निघाल्या त्या याच विचारातून.

अमेरिकेचा विशेष व्हिसा: एसआयव्ही

‘स्पेशल इमिग्रंट व्हिसा’ म्हणजे एसआयव्ही. याची सुरुवात २००६ मध्ये झाली. इराक आणि अफगाणिस्तान मिळून वर्षाला फक्त ५० दुभाष्यांना व्हिसा देण्याची ती तरतूद होती. हजारो माणसं कामावर असताना ५० व्हिसे म्हणजे दर्या में खसखस. नंतर दोन वर्षांसाठी हा आकडा वर्षाला ५०० केला गेला.

मोठा बदल २००९ मध्ये झाला. अमेरिकी काँग्रेसने ‘अफगाण अलाइज प्रोटेक्शन ॲक्ट’ मंजूर केला. यात दुभाष्यांबरोबर बाकीचे कर्मचारीही आले आणि पाच वर्षं दर वर्षी १,५०० व्हिशांची तरतूद झाली. पुढे जवळपास दर वर्षी काँग्रेस मुदत वाढवत आणि व्हिसे वाढवत गेली. २०२४ मध्ये आणखी १२,००० व्हिशांची भर पडली. अर्जाच्या पहिल्या टप्प्यासाठी ३१ डिसेंबर २०२५ ही शेवटची तारीख ठरली.

या आकड्यात फक्त मुख्य अर्जदार मोजतात. नवरा किंवा बायको आणि २१ वर्षांखालची अविवाहित मुलं सोबत येऊ शकतात, त्यांची गणती या मर्यादेत होत नाही. आईवडील, भावंडं, लग्न झालेली मुलं मात्र येऊ शकत नाहीत. अफगाण घर एकत्र कुटुंबाचं असतं. दुभाष्याचा सूड तालिबानने म्हाताऱ्या बापावर काढला तरी बापाला या कायद्यात जागा नाही. ही या योजनेतली सगळ्यात दुखरी जागा म्हणावी लागेल.

पात्र कोण?

अटी ढोबळमानाने अशा:

- अर्जदार अफगाण नागरिक हवा.
- ७ ऑक्टोबर २००१ नंतर अमेरिकी सरकारसाठी, सरकारच्या वतीने, किंवा आंतरराष्ट्रीय फौजेत अमेरिकी सैनिकांसोबत ठरावीक स्वरूपाचं काम केलेलं हवं.
- किमान एक वर्ष काम हवं. सप्टेंबर २०१५ नंतर अर्ज करणाऱ्यांसाठी मध्यंतरी ही अट दोन वर्षांची केली होती. जुलै २०२१ मध्ये ती पुन्हा एक वर्षावर आणली.
- काम ‘निष्ठेचं आणि मोलाचं’ होतं, असं अमेरिकी वरिष्ठाचं शिफारसपत्र हवं.
- त्या कामामुळे जिवाला गंभीर धोका आहे, हे दाखवता आलं पाहिजे.

यात एक मोठा वर्ग बाहेर राहतो. अफगाण राष्ट्रीय सैन्यातले जवान अमेरिकी सैनिकांच्या खांद्याला खांदा लावून लढले, पण त्यांचा पगार अफगाण सरकारच्या नावाने निघायचा. ते अमेरिकेचे ‘कर्मचारी’ नव्हते. म्हणून साधारणपणे एसआयव्हीत बसत नाहीत. फौजेच्या तळावर स्वयंपाक करणारा कंत्राटी माणूस पात्र ठरू शकतो आणि आघाडीवर लढलेला अफगाण जवान अपात्र, असं या नियमाचं गणित आहे.

अर्जाची वाट कशी असते?

अमेरिकी परराष्ट्र खात्याच्या हिशेबात एसआयव्हीचे १४ टप्पे आहेत. मुख्य टप्पे पाच.

पहिला, ‘मिशनप्रमुखाची मंजुरी’. अमेरिकी राजदूतावासाचा प्रमुख किंवा त्याने नेमलेला अधिकारी कामाचा पुरावा तपासतो. कंपनीचं किंवा खात्याचं नोकरीचं पत्र, वरिष्ठाची शिफारस, धमकीचा तपशील. बहुतेकांची गाडी इथेच अडते. कंत्राट घेतलेली कंपनी केव्हाच बंद झालेली असते. शिफारस देणारा कॅप्टन बदली होऊन गेलेला असतो, किंवा त्याचा ईमेल चालत नाही. अर्ज नाकारला तर १२० दिवसांत अपील करता येतं.

दुसरा टप्पा, विशेष स्थलांतरित म्हणून दर्जा मिळण्याची याचिका. तिसरा, व्हिशाचा अर्ज आणि मुलाखत. चौथा, सुरक्षा तपासणी. अनेक खात्यांच्या याद्यांत नाव तपासलं जातं. पाचवा, वैद्यकीय तपासणी आणि व्हिसा. वैद्यकीय अहवालाची मुदत ठरलेली असते. सुरक्षा तपासणी लांबली की अहवाल बाद, मग पुन्हा पहिल्यापासून.

व्हिसा हातात आला की पुढचं बरंच सोपं असतं. अमेरिकेत पाऊल ठेवलं की ग्रीन कार्डाचा हक्क मिळतो, निर्वासितांना मिळणारी सुरुवातीची मदत मिळते आणि साधारण पाच वर्षांनी नागरिकत्वासाठी अर्ज करता येतो. म्हणून एसआयव्ही हे या सगळ्यातलं सर्वात पक्कं संरक्षण मानलं जातं.

सरकारच्या हातात असलेले टप्पे नऊ महिन्यांत पुरे व्हावेत, असं काँग्रेसने २०१३ मध्ये कायद्यातच लिहिलं. प्रत्यक्षात लोक तीन-तीन, चार-चार वर्षं थांबले. २०१८ मध्ये काही अर्जदारांनी नाव न सांगता वॉशिंग्टनच्या फेडरल कोर्टात दावा लावला. सप्टेंबर २०१९ मध्ये न्यायाधीश तान्या चटकन यांनी हा उशीर अवाजवी असल्याचा निकाल दिला आणि सरकारला तुंबलेले अर्ज निकाली काढण्याची योजना सादर करावी लागली.

उशिराचा अर्थ काय, हे जानिस शिनवारी यांच्या उदाहरणावरून कळतं. २००८ मध्ये गझनी प्रांतातल्या एका चकमकीत या दुभाष्याने अमेरिकी अधिकारी मॅट झेलर यांचा जीव वाचवला. त्यांचं नाव तालिबानच्या मारायच्या यादीत होतं. तरी त्यांना अमेरिकेत पोचायला २०१३ उजाडलं, आणि त्यातही एकदा हातात आलेला व्हिसा रद्द होऊन परत मिळवावा लागला. पुढे या दोघांनी मिळून अशा दुभाष्यांसाठी ‘नो वन लेफ्ट बिहाइंड’ ही संस्था काढली. शिनवारी २०२० मध्ये अमेरिकी नागरिक झाले. त्यांच्यामागे झेलर यांच्यासारखा माणूस उभा होता. ज्यांच्यामागे असं कुणी नव्हतं, त्यांची वाट किती लांब असेल याचा अंदाज करता येतो.

ऑगस्ट २०२१: काबूलचा विमानतळ

फेब्रुवारी २०२० मध्ये दोह्यात अमेरिका आणि तालिबान यांच्यात करार झाला. एप्रिल २०२१ मध्ये राष्ट्राध्यक्ष जो बायडेन यांनी सगळी फौज मागे घेण्याची घोषणा केली. जुलैत ‘ऑपरेशन अलाइज रेफ्यूज’ जाहीर झालं. ३० जुलैला दोनशेहून थोड्या जास्त लोकांचं पहिलं विमान वॉशिंग्टनजवळ उतरलं. या वेगाने सगळ्यांना हलवायला वर्षं लागली असती, हाताशी मात्र दोन आठवडे होते.

१५ ऑगस्टला तालिबान काबूलमध्ये शिरलं. अमेरिकी दूतावास घाईने रिकामा झाला. जाताना कर्मचाऱ्यांनी कागदपत्रं नष्ट केली, त्यात व्हिशासाठी जमा केलेले अफगाण लोकांचे पासपोर्टही गेले. शत्रूच्या हाती नावं लागू नयेत हा हेतू होता. पण ज्यांचे पासपोर्ट गेले, त्यांना नवीन पासपोर्टासाठी तालिबानच्याच कचेरीत जाणं भाग पडलं.

विमानतळाबाहेर हजारो माणसं कागद उंच धरून उभी होती. २६ ऑगस्टला ॲबी गेटजवळ आत्मघाती स्फोट झाला. त्यात १३ अमेरिकी सैनिक आणि सुमारे १७० अफगाण मेले. ३० ऑगस्टच्या रात्री शेवटचं अमेरिकी विमान उडालं. त्या दोन-अडीच आठवड्यांत सव्वा लाखाच्या आसपास लोक बाहेर काढले गेले. ही मोहीम मोठीच होती. तरी एसआयव्हीचा अर्ज केलेले बहुसंख्य लोक मागेच राहिले.

मागे राहिलेल्यांत एक दुभाषी असा होता, ज्याने २००८ मध्ये बर्फाच्या वादळात डोंगरावर उतरलेल्या हेलिकॉप्टरमधल्या अमेरिकी सिनेटरांच्या सुटकेला मदत केली होती. त्या सिनेटरांपैकी एक होते जो बायडेन. हा माणूस माजी सैनिकांच्या मदतीने ऑक्टोबर २०२१ मध्ये कुटुंबासह देशाबाहेर पडला.

‘पॅरोल’ म्हणजे तुरुंगातला पॅरोल नव्हे

आपल्याकडे पॅरोल म्हटलं की कैद्याची रजा डोळ्यांसमोर येते. अमेरिकी इमिग्रेशन कायद्यातला ‘ह्युमॅनिटेरियन पॅरोल’ वेगळा आहे. व्हिसा नसलेल्या माणसाला तातडीच्या कारणासाठी, ठरावीक मुदतीपुरतं देशात येऊ देणं, असा त्याचा अर्थ.

काबूलहून आलेल्यांपैकी सुमारे ७६,००० अफगाण ‘ऑपरेशन अलाइज वेलकम’ खाली अमेरिकेत पोचले. त्यातल्या बहुतेकांना दोन वर्षांचा पॅरोल मिळाला. राहायची आणि कामाची परवानगी मिळाली. पण पॅरोलवरून थेट ग्रीन कार्डाकडे जाणारी वाट नाही. मुदत संपायच्या आत दुसरं काहीतरी मिळवावं लागतं: एसआयव्ही, नाहीतर आसरा म्हणजे ‘असायलम’. २०२३ मध्ये पॅरोल वाढवून घेण्याची सोय झाली, पण मूळ प्रश्न तसाच राहिला.

या आधी अमेरिकेने असा प्रश्न कायदा करून सोडवला होता. १९७५ मध्ये सायगाव पडल्यावर सुमारे १,३०,००० व्हिएतनामी आणि शेजारी देशांतले लोक अमेरिकेत आले. तेही बहुतांश पॅरोलवर. १९७७ मध्ये काँग्रेसने कायदा करून त्यांना कायम रहिवासाची वाट खुली केली. क्युबन लोकांसाठी तसा कायदा १९६६ मध्येच झाला होता. त्याच धर्तीवर ऑगस्ट २०२२ मध्ये ‘अफगाण ॲडजस्टमेंट ॲक्ट’चं विधेयक मांडलं गेलं. डेमोक्रॅट सिनेटर एमी क्लोबुचार आणि रिपब्लिकन लिंडसे ग्रॅहम असे दोन्ही पक्षांचे लोक त्यामागे होते. माजी सैनिकांच्या संघटनांनी जोर लावला. २०२३ मध्ये ते पुन्हा मांडलं. तरी ते मंजूर झालं नाही. पॅरोलवर आलेले लोक त्यामुळे वर्षानुवर्षं तात्पुरतेच राहिले.

टीपीएस: तात्पुरतं छप्पर

‘टेंपररी प्रोटेक्टेड स्टेटस’ म्हणजे टीपीएस. एखाद्या देशात युद्ध किंवा मोठी आपत्ती असेल तर त्या देशाच्या, आधीच अमेरिकेत असलेल्या लोकांना परत न पाठवण्याची ही सोय. फौजेचं काम केलेलं असलंच पाहिजे अशी यात अट नाही. अफगाणिस्तानसाठी टीपीएस २०२२ मध्ये लागू झालं आणि २०२३ मध्ये वाढवलं गेलं. मे २०२५ मध्ये ट्रम्प प्रशासनाने ते संपवत असल्याचं जाहीर केलं. १४ जुलै २०२५ पासून ते संपलं. ज्यांच्याकडे दुसरा कुठलाच दर्जा नव्हता, त्यांच्या डोक्यावरचं छप्पर त्या दिवशी गेलं.

२०२५ मध्ये आणखी काय बदललं?

जानेवारी २०२५ मध्ये राष्ट्राध्यक्ष डोनाल्ड ट्रम्प यांनी पदावर येताच निर्वासितांना आणण्याचा कार्यक्रम स्थगित केला. एसआयव्हीत न बसणाऱ्या, पण अमेरिकी पैशावर चाललेल्या प्रकल्पांत किंवा माध्यमांत काम केलेल्या अफगाणांसाठी ऑगस्ट २०२१ मध्ये ‘पी-२’ नावाचा वर्ग काढला होता. तो याच कार्यक्रमाचा भाग. तिकिटं निघालेली माणसं इस्लामाबादमध्ये अडकली.

जून २०२५ मध्ये बारा देशांच्या नागरिकांवर प्रवेशबंदी आली, त्यात अफगाणिस्तान होता. त्या वेळी एसआयव्हीला सूट होती.

२६ नोव्हेंबर २०२५ ला वॉशिंग्टनमध्ये नॅशनल गार्डच्या दोन जवानांवर गोळीबार झाला. त्यात एका तरुण महिला जवानाचा मृत्यू झाला. पकडलेला आरोपी अफगाण नागरिक आहे. तो २०२१ मध्ये अमेरिकेत आला होता आणि त्याआधी अफगाणिस्तानात सीआयएच्या पाठबळावरच्या तुकडीत होता. या घटनेनंतर लगेच अमेरिकेने अफगाण नागरिकांचे इमिग्रेशन अर्ज हाताळणं थांबवलं आणि अफगाण पासपोर्टवर व्हिसे देणंही थांबवलं. एका आरोपीच्या कृत्याची शिक्षा हजारो निरपराध अर्जदारांना का, असा सवाल माजी सैनिकांच्या आणि मदत संस्थांच्या लोकांनी केला. तपासणीत ढिलाई झाली होती, असं प्रशासनाचं म्हणणं. वाद चालू असला तरी फाइली थांबल्या आहेत.

ब्रिटन: एक ईमेल आणि हजारो नावं

ब्रिटिश फौज मुख्यतः हेलमंद प्रांतात होती. २०१३ मध्ये ब्रिटनने आपल्या अफगाण कर्मचाऱ्यांसाठी एक योजना काढली. डिसेंबर २०१२ मध्ये कामावर असणं आणि किमान बारा महिने काम केलेलं असणं, अशी तिची अट होती. आधीच काम सोडलेले दुभाषे त्यात बसले नाहीत. १ एप्रिल २०२१ पासून त्याहून मोठी ‘अफगाण रिलोकेशन्स अँड असिस्टन्स पॉलिसी’, म्हणजे एआरएपी सुरू झाली. मान्य झालेल्यांना ब्रिटनमध्ये बेमुदत राहण्याची परवानगी मिळते. ऑगस्ट २०२१ च्या ‘ऑपरेशन पिटिंग’मध्ये सुमारे १५,००० लोक काबूलहून हलवले गेले. जानेवारी २०२२ मध्ये आणखी एक नागरिक-पुनर्वसन योजना आली.

ब्रिटनची गोष्ट मात्र योजनेपेक्षा चुकांसाठी जास्त गाजली. सप्टेंबर २०२१ मध्ये संरक्षण खात्याने अडकलेल्या अफगाणांना एकत्र ईमेल पाठवला आणि सगळ्यांचे पत्ते सगळ्यांना दिसले. अशा चुकांत मिळून २६५ जणांचे पत्ते उघड झाले. त्यासाठी माहिती आयुक्तांनी खात्याला साडेतीन लाख पौंडांचा दंड केला.

दुसरी चूक त्याहून कितीतरी मोठी. फेब्रुवारी २०२२ मध्ये एका अधिकाऱ्याने चुकून एक स्प्रेडशीट बाहेर पाठवली. त्यात आसऱ्यासाठी अर्ज केलेल्या सुमारे १८,७०० जणांचा तपशील होता. खात्याला हे ऑगस्ट २०२३ मध्ये कळलं, तेही त्यातला काही भाग फेसबुकवर दिसल्यावर. सरकारने कोर्टातून असा मनाई हुकूम मिळवला की फुटलेल्या माहितीबद्दल बोलायचं नाही आणि मनाई हुकूम आहे हेही सांगायचं नाही. याला तिकडे ‘सुपर-इंजंक्शन’ म्हणतात. एप्रिल २०२४ मध्ये या यादीतल्या धोक्यातल्या लोकांसाठी गुप्त योजना सुरू झाली. संसदेलाही तिचा पत्ता नव्हता. १५ जुलै २०२५ ला हुकूम उठला आणि संरक्षणमंत्री जॉन हिली यांनी संसदेत माफी मागितली. ज्यांची नावं फुटली, त्यांतल्या बहुतेकांना आपला तपशील बाहेर गेल्याचं तोपर्यंत ठाऊकच नव्हतं.

त्याआधी दोन आठवडे, १ जुलै २०२५ ला, एआरएपी नव्या अर्जांसाठी बंद झाली. जुने अर्ज तपासले जातात, नवीन घेतले जात नाहीत.

ब्रिटनचा आणखी एक वाद ‘ट्रिपल्स’चा. कमांडो फोर्स ३३३ आणि अफगाण टेरिटोरियल फोर्स ४४४ या अफगाण तुकड्या ब्रिटिश विशेष दलांबरोबर लढायच्या. त्यांच्या जवळपास दोन हजार माजी जवानांचे अर्ज नाकारले गेले होते. फेब्रुवारी २०२४ मध्ये सरकारने ते निर्णय पुन्हा तपासायचं मान्य केलं.

जर्मनी आणि कॅनडा

जर्मन फौज उत्तरेकडे, कुंदुझ आणि मझार-ए-शरीफ भागात होती. तिथल्या स्थानिक कर्मचाऱ्यांना जर्मनीत ‘ऑर्ट्सक्राफ्टं’ म्हणतात. ऑक्टोबर २०२२ मध्ये जर्मनीने धोक्यातल्या अफगाणांसाठी महिन्याला हजार जणांना आणण्याचा कार्यक्रम जाहीर केला. तो आकडा कधी गाठला गेला नाही. २०२५ मध्ये आलेल्या सरकारने असे कार्यक्रम संपवायचं ठरवलं. तेव्हा प्रवेशाचं लेखी आश्वासन मिळालेले दोन हजारांहून जास्त लोक पाकिस्तानात थांबलेले होते. ते जर्मन कोर्टात गेले. जुलै २०२५ मध्ये बर्लिनच्या प्रशासकीय न्यायालयाने एका कुटुंबाच्या प्रकरणात सरकारला दिलेल्या शब्दाला बांधील ठरवलं. त्यानंतर काही कुटुंबं विमानाने जर्मनीत पोचली.

कॅनडाची फौज कंदहारमध्ये होती. २००९ मध्ये कॅनडाने तिथल्या कर्मचाऱ्यांसाठी विशेष सोय केली आणि २०११ मध्ये ती बंद केली. जुलै २०२१ मध्ये नवी योजना आली. सगळ्या वाटा मिळून ४०,००० अफगाणांना आणायचं कॅनडाने ठरवलं आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये तो आकडा गाठला. तरी कॅनडाच्या फौजेसोबत काम केलेले काही लोक कागद आणि प्रवास यांच्या अडचणीने मागे राहिलेच.

मधल्या देशात अडकलेले

काबूलमधले दूतावास बंद झाल्यामुळे मुलाखतीसाठी तिसऱ्या देशात जावं लागतं. बहुतेकांसाठी तो देश पाकिस्तान. ऑक्टोबर २०२३ मध्ये पाकिस्तान सरकारने कागद नसलेल्या परदेशी लोकांनी १ नोव्हेंबरपर्यंत निघून जावं असं फर्मान काढलं. तेव्हापासून लाखो अफगाण परत धाडले गेले. अमेरिका, ब्रिटन, जर्मनीच्या उत्तराची वाट बघणारी कुटुंबंही त्या धास्तीत भाड्याच्या खोल्यांत दिवस काढतात. मुलं शाळेत नाहीत, व्हिसा संपत आलेला, पोलीस दारात. काहीजण कतारमधल्या अमेरिकेच्या कॅम्प अस-सैलिया या तळावर थांबले आहेत.

भारताचं काय?

भारताने अफगाणिस्तानात लढाऊ फौज पाठवली नव्हती, त्यामुळे असा वेगळा वर्ग इथे नाही. १९५१ च्या निर्वासित करारावर भारताची सही नाही आणि निर्वासितांचा वेगळा कायदाही नाही. ऑगस्ट २०२१ मध्ये केंद्र सरकारने अफगाणांसाठी तातडीचा ई-व्हिसा सुरू केला आणि आधी दिलेले, भारतात न आलेल्यांचे व्हिसे रद्द केले. ‘ऑपरेशन देवी शक्ती’तून भारतीय आणि काही अफगाण, विशेषतः शीख आणि हिंदू, आणले गेले. २०१९ च्या नागरिकत्व दुरुस्ती कायद्यात अफगाणिस्तानातले बिगरमुस्लीम येतात, पण ३१ डिसेंबर २०१४ पर्यंत आलेलेच.

पुणे, हैदराबाद, वडोदरा या शहरांना अफगाण चेहरे नवीन नाहीत. भारत सरकारच्या शिष्यवृत्तीवर शेकडो अफगाण मुलंमुली इथल्या विद्यापीठांत शिकली. काबूल पडलं तेव्हा पुण्यातल्या विद्यार्थ्यांपुढे घरची खबर कशी मिळवायची आणि व्हिसा संपल्यावर जायचं कुठे, हे दोन प्रश्न एकदमच उभे राहिले होते.

याआधी असं झालं होतं का?

झालं होतं. अल्जेरियात फ्रेंच फौजेच्या बाजूने लढलेल्या स्थानिक लोकांना ‘हार्की’ म्हणत. १९६२ मध्ये फ्रान्स तिथून निघाला आणि बहुतेक हार्कींना मागे सोडलं. त्यातले हजारो मारले गेले. जे फ्रान्समध्ये पोचले त्यांना रिव्हसाल्तसारख्या छावण्यांत ठेवलं. राष्ट्राध्यक्ष इमॅन्युएल मॅक्रॉन यांनी त्यांची क्षमा मागितली ती सप्टेंबर २०२१ मध्ये, जवळजवळ साठ वर्षांनी. काबूलहून शेवटचं विमान उडून तेव्हा महिनाही झाला नव्हता.

बातमी वाचताना काय बघावं?

अफगाण सहकाऱ्यांची बातमी आली की चार गोष्टी तपासल्या तर चित्र स्पष्ट होतं.

- माणूस कुठे आहे? अफगाणिस्तानात, तिसऱ्या देशात, की आश्रय देणाऱ्या देशात पोचलेला. प्रत्येकाचा कायदा वेगळा.
- दर्जा कोणता? एसआयव्ही आणि एआरएपी कायमची वाट देतात. पॅरोल आणि टीपीएस तात्पुरते.
- पगार कोण देत होतं? परकी फौज, कंत्राटदार, की अफगाण सरकार. पात्रता बहुतेक इथेच ठरते.
- बंद काय झालं? नवे अर्ज घेणं, जुन्या अर्जांचं काम, की व्हिसा देणं. ‘योजना बंद’ एवढ्या मथळ्यावरून हे कळत नाही. ज्याचा अर्ज आत पडून आहे, त्याच्यासाठी या तिन्हींत जमीन-अस्मानाचा फरक आहे.